टाचलेला आकडा

छावणीच्या फाटकासमोर शिंपीणबाईंचं दुकान होतं. गणवेशावर फिती आणि पदकं त्यांच्याइतकी सुबक लावून देणारं आसपास कुणी नव्हतं, आणि हे त्या स्वतःच सगळ्यांना ऐकवत.

त्यांचे यजमान हवालदार. परदेशातल्या शांतिसेनेत दोनदा जाऊन आलेले. पहिल्या खेपेला पदक मिळालं. दुसऱ्या खेपेला नवं पदक देत नाहीत, जुन्याच फितीवर पितळेचा दोनचा आकडा बसवतात. तो घेऊन हवालदार आज दुकानात आले, शहाण्या गिऱ्हाइकासारखे रांगेत उभे राहिले आणि पाळी आल्यावर कोट पुढे सरकवला. बाईंना हसू आवरेना. या माणसाची त्यांनी वर्षभर डोळ्यांत प्राण आणून वाट पाहिली होती. तो चार दिवसांपूर्वी घरी आला, तेव्हापासून त्यांचं चित्त थाऱ्यावर नव्हतं.

आकड्याला मागे दोन नाजूक पाय असतात. ते फितीतून घालायचे आणि मागे दुमडायचे. एकदा दुमडले की कायमचे. पुन्हा सरळ करायला जावं तर फीत फाटते. बाईंनी चिमटा उचलला.

"दुमडू नकोस," हवालदार हळूच म्हणाले. "नुसता दोऱ्याने टाचून ठेव."

बाईंचा हात तिथेच थांबला. आकडा टाचून मागणारी माणसं त्यांना धंद्यामुळे ठाऊक होती. पुढेमागे तिसऱ्यांदा जाऊन तीनचा लावायचा असेल, तोच असं सांगतो. त्यांनी मागच्या दोघा शिपायांना उद्या यायला सांगून वाटेला लावलं.

"अर्ज दिलात?"

"खिशात आहे. अजून दिला नाही."

मग हवालदार बोलू लागले. एरवी त्यांच्या तोंडून शब्द काढायला पक्कड लागायची, पण आज थांबेनात. तिथे एक पूल होता. पलीकडे बंदूकवाले. पुलावर शांतिसेनेची निळी टोपी दिसली तरच बायका बाजाराला निघायच्या. निघण्याच्या दिवशी एका म्हातारीने खुणेनेच विचारलं, उद्या कोण उभं राहणार? आणि इथे? गळकं छप्पर बाईंनी दुरुस्त करून घेतलेलं, पाण्याचा पंप त्यांनीच बदललेला, मुलीची शाळाही त्यांनीच ठरवलेली.

"घरात मी पाहुणा झालोय गं. कशाला हात लावावा तेच कळत नाही."

हे सगळं बाई शिकल्या होत्या ते त्याला तिकडे घोर लागू नये म्हणून. रात्र रात्र त्याच्या आठवणीने जीव कासावीस व्हायचा, आणि सकाळी उठून त्या आणखी एक काम स्वतःच्या अंगावर घ्यायच्या.

"तू नको म्हण," हवालदार म्हणाले. "आत्ता फाडून टाकतो."

नको हा शब्द अगदी ओठांवर आला होता. त्यांनी तो मोठ्या कष्टाने गिळला.

"मी म्हटलं म्हणून राहाल, आणि माझ्या घरात बसून त्या पुलाकडे बघत राहाल. तसे नकोत मला तुम्ही. अर्ज द्यायला अजून किती दिवस आहेत?"

"अकरा."

बाईंनी आकडा दोन टाक्यांत टाचला आणि दोरा दाताने तोडला. कोट घडी करून हवालदारांच्या हातात न देता खुंटीला लावला. मग पिशवी उचलून त्या बाहेर आल्या आणि भरदुपारी दुकान बंद करायला निघाल्या.

"तेवढं शटर ओढा," त्या बाजूला सरकून म्हणाल्या. "जड आहे. मला नाही ओढवत."

आठ वर्षं त्या ते रोज एका हाताने ओढत आल्या होत्या.