ऐकणाऱ्याची खुर्ची

मित्रांनो, प्रस्तुत लेखात एका खुर्चीच्या आयुष्याची व तिच्यावर रिकाम्या राहिलेल्या जागेची हकिगत यथाशक्ती कथन करण्यात येत आहे. ती शांत चित्ताने वाचावी, ही विनंती.

मी एक जुनी लाकडी खुर्ची आहे. एका सुताराने मला घडविले व एका लेखकाच्या टेबलासमोर माझी स्थापना झाली. हे लेखक तत्त्वज्ञानातील अवघड विचार सामान्य माणसाला उमजतील अशा भाषेत लिहीत असत. त्यांचा एक नेम होता. लिहिलेले प्रत्येक पान ते माझ्यावर बसणाऱ्यास वाचून दाखवीत, आणि त्याला कळले नाही तर फाडून टाकीत.

बसणारी बहुधा त्यांची पत्नीच असे, मांडीवर निवडायची भाजी घेऊन.

"अहो, ते अस्तित्व की काय ते दूध उतू जायच्या आत सांगा."

"अगं, दोन हजार वर्षं लोक यावर भांडतायत!"

"भांडू देत. मला कळलं नाही. फाडा."

पान फाटे. अशी अकरा पुस्तके झाली.

पुढे बाई आजारी पडल्या व गेल्या. लेखकांनी मृत्यूवरील पुस्तक हाती घेतले. नेम मोडला नाही. रोज सायंकाळी ते रिकाम्या मला पाने वाचून दाखवीत. मला वाचा नाही, मित्रांनो! माझे मौन म्हणजे होकार समजून त्यांनी वर्षभर एकही पान फाडले नाही. वाक्ये लांबत गेली, आणि त्यांत माणूस म्हणून कोणी उरला नाही.

एके दिवशी माझा पाय डुगडुगू लागला, म्हणून मला घडविणाऱ्या सुतारालाच बोलाविले. पाय ठोकून तो माझ्यावर बसून पाहत होता, तोच लेखक वाचू लागले. सुतार चौथी शिकलेला. तो चाचरत म्हणाला, "काका, राग मानू नका. मला काहीच कळलं नाही."

लेखकांनी पाने खाली ठेवली. "वर्षभरात हे मला कुणी म्हटलंच नाही रे."

त्यांनी सगळा गठ्ठा फाडला. कोऱ्या कागदावर एकच ओळ लिहून वाचली, "खुर्ची आहे, आणि ती नाही."

"आता कळलं," सुतार म्हणाला.

दुसरी ओळ झाली नाही. त्याच आठवड्यात लेखकही गेले. त्यांच्या भाच्याने घरातील सामान बाहेर काढले, तेव्हा सुताराने मला मागून घेतले. आता माझ्यावर खिळ्यांचे डबे असतात.

मित्रांनो, कोणी प्रेमाने वाचून दाखविले व कळले नाही, तर माणूस समोर आहे तोवर तसे सांगा. एवढीच माझी याचना.

खुर्चीचे हे मनोगत मी लिहून काढले. वाचकांचे आभार. काही कळले नसल्यास दुकानावर येऊन सांगावे. पान फाडून पुन्हा लिहीन.

आपला नम्र,
खुर्ची घडविणारा सुतार