सोनेरी मुलाम्याचा लाकडी माईक

मी एक जुना माईक आहे, मित्रांनो. पण मला तुमच्या कार्यक्रमाला न्याल तर फजिती होईल. मी आहे अस्सल लाकडाचा. माझ्यातून आजवर कुणाचा उसासाही बाहेर पडलेला नाही. तरीही एकेकाळी मला नुसतं पाहून मैदानभर माणसं किंचाळायची. खोटं वाटतं? ऐका तर.

सुताराच्या हातून खुर्चीचा एक पाय आखूड झाला. "वाया कशाला घालवा?" म्हणत त्याने तोच तासून मला घडवलं, वर जाळी कोरली, सोनेरी रंग फासला. एका विनोदी सिनेमासाठी मी हवा होतो. ज्या मुलीला गाण्याचा गंध नाही, तिला एक कंपनी महान गायिका बनवते आणि जग खुळावतं, अशी त्याची गोष्ट. नायिका दिसायला चांदणी, पण गळा म्हणजे गंजलेली बिजागरी. म्हणूनच तर तिला निवडलं होतं!

तिच्यासाठी गाणारी बाई ऐनवेळी आलीच नाही. दिग्दर्शक डोक्याला हात लावून बसले. नायिकेची थोरली बहीण तिचा डबा घेऊन आली होती. ती हळूच म्हणाली, "मी म्हणून बघू का?"

आणि ती गायली. मित्रांनो, काय सांगू! तासल्यावर लाकूड मरतं म्हणतात. पण त्या सुरांनी माझ्या अंगात अशी काही शिरशिरी उठली, की मी झाड होतो तेव्हा शेंड्यातून वारा जायचा त्याची आठवण झाली. आता पालवी फुटते की काय, असं भय वाटलं.

सिनेमा लागला. लोक हसायला आले आणि गुणगुणत घरी गेले. चेष्टा मागे पडली, गाणं राहिलं. मग एक खरीखुरी कंपनी दारात हजर! तिच्या मॅनेजरने फर्मान काढलं, "चेहरा धाकटीचा, गळा थोरलीचा. थोरलीने काळ्या पडद्यामागे बसायचं. खोकायचंसुद्धा नाही."

"आणि माझं नाव?" ताईने विचारलं.

"पडद्याला कधी नाव असतं का, बाई?"

धाकटीचे डोळे लकाकत होते. ते पाहून ताईने मान डोलावली.

पुढे जे झालं ते सांगायला मला दुसरं तोंड लागेल. धाकटीला स्टेजवर शिंक आली, तर दुसऱ्या दिवशी ती शिंक हजारो फोनांवर वाजू लागली! मला मखमली पेटी मिळाली, दोन पहारेकरी मिळाले. मी कॅमेऱ्यात झळकावं म्हणून दर कार्यक्रमाआधी मॅनेजर मला तेल चोळायचा. मी भारावून जायचो. फक्त पडद्याआडून सूर उठला, की मखमलीची लाज वाटायची.

एके दुपारी मैदान तुडुंब भरलं होतं. स्टेजमागे मॅनेजर ताईला म्हणाला, "तुमची सगळी गाणी यंत्रात भरून झाली. आजचा कार्यक्रम उरकला, की तुम्ही मोकळ्या."

"म्हणजे उद्यापासून ताई नाही?" धाकटीने विचारलं.

"आवाज आहे ना! मग ताई कशाला?"

ताईने बहिणीच्या केसांतली पिन नीट केली. "चल छोटे, वेळ झाली."

स्टेजवर धाकटी सारखी मागे पडद्याकडे बघत होती, त्यात मी तेलाने माखलेला. ऐन उंच सुरावर मी सटकलो आणि ठक्क ठक्क करत फळ्यांवर आपटलो. धाकटीचे ओठ मिटले. गाणं मात्र चालूच!

मैदानभर माना उंचावल्या. तेवढ्यात मॅनेजर धावत पुढे आला, "पाहिलंत? बिनमाईकचं, बिनओठांचं गाणं! जगात पहिल्यांदाच!"

आणि लोकांनी टाळ्यांचा पाऊस पाडला हो! मीही थक्क झालो. धाकटीने नुसती मान लववली असती, तर जन्माचं कल्याण होतं. पण ती वळली. तिने काळा पडदा असा हिसडला, की कड्या तटातट तुटल्या. मागे स्टुलावर ताई, पुढ्यात खरा माईक. साधी चप्पल, मिटलेले डोळे, गाण्यात बुडालेली.

"ही गाते! मी नुसतं तोंड हलवते!" धाकटी ओरडली.

ताई दचकून थांबली. "छोटे, काय केलंस हे!"

लोक हुर्यो करू लागले. कुणीतरी चप्पल भिरकावली.

"गा ना, ताई. माझ्यासाठी नको. तुझं गा."

ताई उभी राहिली आणि गायली. हुर्यो विरली. मारायला उचललेली दुसरी चप्पल फेकणाऱ्याच्या हातातच राहिली. वरून उडणारे पक्षी हवेत थबकले, असं म्हटलं तर तुम्ही हसाल; पण मी उताणा पडलो होतो, मला स्पष्ट दिसत होतं. गाणं संपल्यावर कितीतरी वेळ कुणी टाळी वाजवली नाही. वाजवायचं सुचलंच नाही.

कंपनीने दोघींनाही हाकललं. मॅनेजर म्हणे नवा चेहरा शोधतोय. आता ताई छोट्याशा सभागृहात गाते, बाहेरच्या पाटीवर तिचंच नाव असतं, आणि तिकीट फाडायला धाकटी बसते. तिला साधीसुधी समजू नका, ताईच्या नावाला कुणी नाक मुरडलं तर ती आत सोडत नाही!

मी सभागृहाच्या दाराला टेकू म्हणून लागतो. ऐपत नसलेल्यांनाही बाहेर उभं राहून ऐकता यावं, म्हणून दार उघडं ठेवायचं असतं. माझे सोनेरी पोपडे उडालेत. मित्रांनो, मला पुन्हा रंगवू नका. जपायचंच असेल, तर गळे जपा. एखादं गाणं आवडलं, तर गाणाऱ्याचं नाव विचारा, आणि त्याला कुणी पाणी दिलंय का, तेही बघा.

बरं, आता बोलणं पुरे. आत ताईने सूर लावलाय.