धाकटीची खारीक

कुत्रं म्हटलं की माझ्या डोळ्यांपुढे दाराशी बसणारं, परक्या माणसावर गुरकावणारं जनावर येतं. माझ्या धाकट्या बहिणीनं पाळलंय त्याला कुत्रं म्हणायला माझी जीभ रेटत नाही. दोन तळहातांत मावेल एवढी, तपकिरी, सुरकुतलेली, अंगावर केस नावाला, पाय काडीचे आणि डोळे मात्र पाडसासारखे टपोरे. भर उन्हाळ्यात पंखा लावला तरी थरथरायची. धाकटीनं तिचं नाव फार नाजूक ठेवलंय, ते माझ्या तोंडात बसत नाही. मी पहिल्या दिवसापासून खारीक म्हणते. धाकटीला राग येतो. येऊ दे.

हिवाळ्याच्या तोंडावर धाकटी स्वतःच्याच न्हाणीघरात घसरून पडली आणि खुबा मोडून घेतला. ऑपरेशन आणि मग चालायला शिकवणं धरून सहा आठवडे दवाखान्यात. नवरा नाही, पोरबाळ नाही, घरात ती आणि ही खारीक. आयुष्यभर माझ्याकडे काही मागितलं नाही, मानी आहे, आणि मागायची वेळ आली तर मागितलं कुत्र्यासाठी. स्ट्रेचरवर पडल्या पडल्या माझा हात धरून म्हणाली, "ताई, हिला थंडी सोसत नाही गं. मी येईपर्यंत जपशील ना? मला दुसरं कोण आहे?"

मी समोर उभी होते, तरी म्हणे दुसरं कोण आहे.

"रोजच्या तीनशे चादरी सांभाळते मी," मी म्हटलं. "हे एक पायपुसणं सांभाळता येणार नाही होय?"

आमची लॉन्ड्री आहे. नवऱ्यामागे सव्वीस वर्षं मी चालवतेय. हॉटेलांच्या चादरी, दवाखान्याचे झगे, हात पुसायचे रुमाल. खाली कारखाना, वर आम्ही राहतो. मळकं कापड माझ्या नजरेला खपत नाही, मग ते गिऱ्हाइकाचं असो की घरचं. अंगातून उतरलं की धुण्यात गेलं, हा माझ्या घरचा कायदा. सुनेला लग्न होऊन आल्या दिवशी सांगितला होता, अजून पाळते.

धाकटी सातवीपर्यंत शिकली. मला दुसरीतून काढून आईच्या हाताखाली धुण्याला बसवलं होतं. त्यामुळे धाकटीला कागदावर लिहून द्यायची भारी हौस. खारकेबरोबर तिनं दोन्ही बाजूंनी भरलेला कागद पाठवला. सुनेनं तो चहा पिता पिता वाचून दाखवला.

"फिरवायला दुपारी उन्हातच न्यावं, दहा मिनिटांच्या वर नाही. बाहेरून आल्यावर पाय, बोटांच्या मधली जागा कोरडी पुसावी."

"बोटांच्या मधली," मी म्हटलं. "माझ्या सासऱ्यांच्या पायाची बोटं कोणी पुसली नाहीत."

"टोपली जमिनीपासून उंच ठेवावी. हीटरला चिकटून ठेवू नये, भाजतं. थंडीत खाणं थोडं वाढवावं. घरात ऊब असेल तेव्हा स्वेटर काढून ठेवावं. स्वेटर दोन आहेत, आलटून पालटून घालावीत. आठवड्यातून एकदाच धुवावीत, लोकर जाड आहे, वाळायला दोन दिवस लागतात."

"आठवड्यातून एकदा," मी म्हटलं. "कुत्र्याच्या अंगाचं कापड, आठ दिवस, माझ्या घरात. आण तो कागद इकडे."

कागद मी घडी करून डब्यांच्या फळीवर ठेवून दिला. लॉन्ड्रीवालीला कपडे कधी धुवायचे ते शिकवतेय. मासळीला पोहायला शिकवण्यातला प्रकार.

दोन स्वेटरांतलं एक तर पहिल्याच आठवड्यात गेलं. माझ्या मुलानं ते हॉटेलच्या रुमालांबरोबर उकळत्या पाण्याच्या मशीनमध्ये टाकलं. बाहेर आलं ते उंदराच्या मापाचं. मुलगा चाळिशीचा आहे, जन्मापासून लॉन्ड्रीत वाढलाय, आणि लोकर उकळतो. मी त्याला काय बोलायचं ते बोलले. तो म्हणाला, "आई, त्यात काय, एक आहे ना अजून." राहिलेलं एक मग रोज संध्याकाळी हातानं धुवायचं, पिळायच्या मशीनमधून काढायचं, सुकवणीच्या खोलीत टांगायचं आणि सकाळी सुनेनं वाफेची इस्त्री फिरवून गरमगरम खारकेच्या अंगात चढवायचं, असं ठरलं. मीच ठरवलं. सकाळी ते स्वेटर भाकरीसारखं वाफाळत असायचं. खारीक डोळे मिटून घ्यायची. मी सुनेला म्हणायची, "लिहून कळव तिला, म्हणावं तुझ्या कागदात एवढी चैन नव्हती."

घरातले सगळे खारकेवर तज्ज्ञ झाले. ती पुन्हा थरथरायला लागली की मुलगा म्हणायचा, थंडी वाजतेय, वर शाल टाका. शाल टाकली की थरथर वाढायची. सून म्हणायची, नाटकं करते, मावशींनी लाडावून ठेवलीय. मी म्हणायची, दोघंही बरोबर बोलताय, आता कामाला लागा. खारीक दातांनी छातीजवळचं स्वेटर ओढत बसायची. ओढू नये म्हणून मी सुनेकडून वरून फडकं गुंडाळून घेतलं. मग ती टोपलीतून उतरून, थरथरत, बॉयलरशेजारी मळक्या चादरींच्या ढिगात जाऊन घुसायची. तिथून मी तिला पायानं हाकलायची. लाथ नव्हे, नुसतं सरकवायची. हातानं मी तिला शिवत नव्हते. तीन आठवडे झाले तरी मी तिला एकदाही उचललं नव्हतं, आणि ते मी चारचौघांत सांगतही होते.

चौथ्या आठवड्यात थंडी चढली. रस्त्याच्या कडेचं पाणी सकाळी काचेसारखं घट्ट व्हायला लागलं. खारीक खोकायला लागली आणि अंडं टाकलं तरी तोंड फिरवायला लागली. धाकटी रोज फोन करायची, पहिला प्रश्न खारकेचा. म्हणून मी मुलाला बरोबर घेऊन तिला जनावरांच्या डॉक्टरकडे नेलं.

डॉक्टर म्हणजे एक पोरगी, चेहऱ्यापेक्षा चष्मा मोठा. खारकेला तपासून म्हणाली, "आजी, हिचं अंग फार गार पडलंय."

"आजी मी माझ्या नातवंडांची," मी म्हटलं. "अंग गार पडेल कसं? दिवसभर स्वेटरात असते."

"दिवसभर?" ती म्हणाली. "घरात काढत नाही? आणि कोरडं असतं का ते नीट?"

माझ्या मुलानं खाली बघितलं, कारण आता काय होणार ते त्याला ठाऊक होतं.

"बाई," मी म्हटलं, "या गावात निम्मी माणसं मी वाळवलेल्या चादरीत झोपतात. तुम्ही झोपता ती गादीची चादर कुणी वाळवली ते घरी जाऊन विचारा, आणि मग मला कोरडं म्हणजे काय ते शिकवा."

पोरीनं औषध लिहून दिलं, गरम पाण्याची पिशवी कापडात गुंडाळून जवळ ठेवा म्हणाली, थोडं थोडं भरवा म्हणाली. आणि दारापर्यंत येऊन हळूच म्हणाली, "दोन दिवसांत खायला लागली नाही तर अवघड आहे."

रस्त्यात मुलगा म्हणाला, "ती साधं विचारत होती, आई."

"तू लोकर उकळतोस," मी म्हटलं. "तू बोलू नकोस."

दुसऱ्या दिवशी भर दुपारी, कारखान्यात पाच मशीनं चालू असताना, धाकटीचा फोन आला. काठीच्या आधारानं दहा पावलं चालली होती, आवाजात पोरीसारखा आनंद. "ताई, दहा-बारा दिवसांत सोडतील. जरा फोन तिच्या कानाला लाव ना. तिला माझा आवाज ऐकू दे."

मी फोन टोपलीत धरला. आतून धाकटी काय काय लाडानं बोलत होती, ऐकताना मलाच लाज वाटत होती. खारकेनं कान हलवला. एकच. डोळे उघडले, फोनकडे बघितलं, उठायला पुढचे पाय टेकले आणि पाय तसेच घसरून खाली आले. पुन्हा टेकले, पुन्हा घसरले.

"काय करतेय?" धाकटीनं विचारलं.

"झोपलीय," मी म्हटलं. "पोट भरून खाल्लंय, झोपलीय." आणि फोन ठेवला.

धाकटीशी मी खूप भांडलेय, खोटं कधी बोलले नव्हते. त्याची गरज पडली नव्हती.

मग मी खाली वाकले आणि खारकेला उचललं. वजन नव्हतंच. ओलं कापड उचलावं तशी मनगटावर आडवी घेतली, सवयीनं, आणि मनगटाला ते कळलं. पंचावन्न वर्षं या मनगटावरून कपडे गेलेत. शंभर चादरींच्या गठ्ठ्यात एक दमट असली तर मला गठ्ठा उघडावा लागत नाही. तिच्या छातीखाली, जिथं धाकटीनं लोकरीला आतून फ्लॅनेलचं अस्तर लावलं होतं, तिथं स्वेटर गार होतं. मी तिला टेबलावर ठेवलं, स्वेटर काढलं, उलटं केलं आणि अस्तराची शिवण गालाला लावली. ओली. आजची नव्हे, कालची आणि परवाची ओल. कोंदट वास आला. तो वास माझ्या कारखान्यातून कधी बाहेर गेला नव्हता. गिऱ्हाइकाच्या रुमालाला आला असता तर मी कामगाराला समोर उभं करून झापलं असतं.

संध्याकाळी सहाला बॉयलर बंद होतो, सुकवणीची खोली रात्रभर गार. जाड लोकर, आत अस्तर. सकाळी वरून वाफेची इस्त्री, म्हणजे वर चटका आणि आत पुन्हा पाणी. घटकाभर ऊब, मग दिवसभर ओलं फडकं छातीला बांधलेलं, त्यावर शाल, त्यावर मी गुंडाळायला लावलेलं फडकं, वाळायला वाटच नाही. ते काढायला ती दातांनी ओढत होती. नाटकं म्हणे.

"इस्त्री कोणी केली ही?" मी ओरडले. सून इस्त्रीच्या टेबलावरून आली. मी शिवण तिच्या पुढे धरली. "हे कोरडं म्हणतात? तुझ्या आईनं हेच शिकवलं?"

सून अठरा वर्षं या घरात आहे. मला उलटून बोललेली मला आठवत नाही. तिनं शिवण चाचपली, माझ्याकडे बघितलं आणि सावकाश म्हणाली, "आई, मावशींनी लिहिलं होतं, दोन दिवस लागतात. तुम्ही रोज धुवायला सांगितलंत."

मशीनं चालू होती म्हणून बरं, कामगारांना ऐकू गेलं नाही.

"गरम टॉवेल आण," मी म्हटलं. "ड्रायरमधले. इस्त्रीचे नको."

खारीक टॉवेलात गुंडाळली आणि माझ्या शालीच्या आत, पोटाशी घेऊन बसले. अर्ध्या अर्ध्या तासानं सून टॉवेल बदलत होती. कामगार येता-जाता बघत होते. बघू दे. संध्याकाळपर्यंत मी खुर्ची सोडली नाही. दिवेलागणीला तिची थरथर थांबली, तेव्हा मी घाबरले, कारण थरथर दोन कारणांनी थांबते. मी तिच्या नाकाशी बोट नेलं. तिनं ते चाटलं. मग बोटाला लावून दिलेलं अंडंही चाटलं.

पुढले दोन दिवस ती माझ्या मांडीवर आणि मी तिच्या ताब्यात. टोपली दोन विटांवर चढली. फळीवरचा कागद खाली आला आणि सुनेनं तो भिंतीला चिकटवला. घरात ती आता उघडीच वावरते, अंगावर सुकी बंडी फक्त बाहेर जाताना. तिसऱ्या दिवशी डॉक्टर पोरीकडे नेली. तिनं तपासलं आणि म्हणाली, "छान आहे. काय केलंत?"

"स्वेटर ओलं होतं," मी म्हटलं.

ती चष्म्यातून बघत राहिली. भली पोरगी. "मी विचारलं होतं" असं म्हणाली नाही. मी असते तर म्हणाले असते.

धाकटी दवाखान्यातून सरळ माझ्याकडे आली, हातात चार पायांची काठी. खारीक तिच्याभोवती इतकी नाचली की काठीत अडकून पडणार होती. धाकटीला वाकता येत नव्हतं. तीन महिने वाकायचं नाही असा डॉक्टरांचा हुकूम. म्हणून ती खुर्चीत बसली आणि मी खारीक उचलून तिच्या मांडीवर दिली. धाकटीनं ते बघितलं. मी खारकेला उचलते हे तिला नवीन होतं.

सांगितलं नसतं तर चाललं असतं. मुलगा आणि सून तोंड उघडणार नव्हते. पण भिंतीवर तिचाच कागद चिकटवलेला, आणि ती वाचायला शिकलेली. मी सगळं सांगितलं. उंदराच्या मापाचं स्वेटर तिच्या हातात दिलं. झोपलीय म्हटलं तेव्हा ती झोपली नव्हती, मरत होती, हेही सांगितलं.

धाकटी रागावली की गप्प होते. एकदा चार वर्षं गप्प होती. आता ती खारकेच्या बरगड्यांवरून बोट फिरवत बसली. बरगड्या मोजता येत होत्या. चहा निवला, त्यावर साय धरली.

शेवटी म्हणाली, "मला हिचं खाली वाकून काही करता येणार नाही, ताई. पाय पुसता येणार नाहीत. टोपलीतून उचलता येणार नाही."

"मग?"

"मग थंडी संपेपर्यंत हिला कोण बघणार?"

"मी," मी म्हटलं. "आणि तुला कोण बघणार? तुझं घर गारठ्याचं. मागची खोली रिकामी आहे, ऊन येतं तिथं. तीन महिने राहा."

"तुझ्याकडे?" ती म्हणाली. "रोज संध्याकाळी धुऊन टांगशील मला."

सून हसायला नको तिथं हसली. मी तिच्याकडे बघितलं, तरी हसतच होती.

धाकटी राहिली. मागच्या खोलीला दहा नावं ठेवून झाली, खिडकीतून वारा येतो म्हणून, चहा पांचट म्हणून. कागदाला तिनं तिसरी बाजू जोडलीय. आणि दिवसातून चार वेळा, माझ्या देखत, काठी टेकत माझ्या खुर्चीपाशी येते, माझ्या मांडीवर खारीक गुंडाळलेल्या टॉवेलात हात घालते आणि कोरडं आहे का ते चाचपून बघते. या कारखान्यात माझ्या हातचं कापड तपासायची कुणाची छाती झाली नव्हती आजवर.

मी हात जरा बाजूला घेते, म्हणजे तिला नीट चाचपता येतं.