सागवान खटल्याचा चामोर्शीतला निकाल

चामोर्शीच्या मंगल कार्यालयात टीव्हीवाल्यांनी कोर्ट उभं केलं. मालिका होती माजी मंत्री बळवंतराव धारपुऱ्यांवर अडतीस वर्षांआधी चाललेल्या सागवानचोरीच्या खटल्याची. मंत्री तेव्हा निर्दोष सुटले, कारण त्यांच्या बंगल्यावर भांडी घासणाऱ्या कमलानं साक्ष दिली होती, "मी काई पायलं नाई."

कमलाबाई आता सत्तरीची. शूटिंगचं कळताच ती दिग्दर्शकाकडं गेली.

"कमलाचं काम मले द्या."

"तुम्ही कमलासारख्या वाटत नाही, आजी," म्हणून त्यानं तिला गर्दीत बसवलं.

न्यायाधीश होणारा नट उन्हानं आजारी पडला. वकिलांचे काळे कोट शिवून आणलेले बाबूभाई टेलर तिथंच उभे होते. त्यांची पांढरी दाढी पाहून दिग्दर्शकानं त्यांनाच खुर्चीत बसवलं. "शेवटी फक्त 'निर्दोष' म्हणायचं."

पुण्याहून आलेली नटी पिंजऱ्यात उभी राहून म्हणाली, "मी काही पाहिलं नाही." दिग्दर्शकाला पटेना. पुन्हा घेतलं. पुन्हा घेतलं. आठव्यांदा कमलाबाई उठलीच.

"कितींदा खोटं बोलन हे पोरगी? मी पायलं! सागाचे सात ट्रक बंगल्यामागं उतरले. माहा नवरा मंत्र्याच्या मिलमंदी कामाले होता, म्हणून भेली मी."

"कट!" दिग्दर्शक ओरडला.

"थांबा," बाबूभाई म्हणाले. "साक्ष चालू हाये."

कमलाबाईनं सगळं सांगितलं. बाबूभाईंनी हातोडा आपटला. "दोषी! सात वर्षं!"

हॉलभर टाळ्या पडल्या.

"अहो, ते सुटलेत! इतिहास आहे तो!" दिग्दर्शक म्हणाला.

"मंग साक्ष ऐकाले बसवलं काऊन मले?" बाबूभाईंनी विचारलं.

गर्दी मंत्र्याचं काम करणाऱ्या नटाला आरोपीच्या पिंजऱ्यातून उतरू देईना. बंदोबस्ताच्या विनोद शिपायानं तर त्याचा दंडच धरला. "साहेब, अपील करा." बिचारा पिंजऱ्यातच जेवला. शेवटी दिग्दर्शकानं स्वतः जामिनाचा अर्ज लिहिला. बाबूभाईंनी तो चष्मा लावून दोनदा वाचला.

"मंजूर. पण आधी बाईची माफी."

खटल्याच्या वेळी जन्मलाही नव्हता तो नट. त्यानं कमलाबाईपुढं हात जोडले. "चुकलं माझं."

"आता जंगलाले हात नोको लावजा," ती म्हणाली, आणि पदरानं डोळे पुसून घरी गेली.

तो प्रसंग टीव्हीवाल्यांनी नंतर नागपुरात पुन्हा शूट केला. मालिकेत मंत्री सुटले. पण चामोर्शीच्या बाजारात कुणी विचारलं, की कमलाबाई सांगते, "सुटला कुठी? जामिनावर हाये."