चिलखतातली मखमल

क्लबात त्याला सगळे मखमल म्हणत, आणि घरी, म्हणजे घर होतं तेव्हा, छोट्या. आता पन्नाशीला टेकलेल्या, दारातून वाकून आत येणाऱ्या धिप्पाड माणसाला छोट्या म्हणायचं म्हणजे गंमतच. पण तसं म्हणणारं जगात एकच माणूस उरलं होतं, त्याची ताई. तिचा फोन यायचा सठीसहामाशी.

मखमलचं काम म्हणजे ड्रॅग. बाईचा थाटमाट करून स्टेजवर उभं राहायचं, गाण्यावर ओठ हलवायचे, स्वतःच्या भुवया डिंकाने दाबून बसवायच्या आणि वर नव्या, कमानदार काढायच्या. मग पुढच्या टेबलावरचा एखादा शिष्ट माणूस हेरून त्याची चारचौघांत फिरकी घ्यायची. फिरकी घेण्यात मखमलचा हात कुणी धरला नसता. पण गुडघे कुणाचे सगे? त्यांनी दगा दिला. नवीन मुलं कोलांट्या मारतात, हवेतून पाय फाकून धाडकन जमिनीवर बसतात, आणि लोक वेडे होतात. मालकाने आधी मखमलचा शनिवार काढला, मग शुक्रवार, आणि शेवटी मेहेरबानी केल्यासारखा मंगळवार दिला. मंगळवारी क्लबात असतं कोण? पेंगणारे वेटर आणि बायको सोडून गेलेला एक दंतवैद्य. तोही बिचारा फोनमध्येच डोकं घालून बसायचा.

त्याचं त्याला फारसं वाईट वाटत नव्हतं. वाईट वाटायचं ते एकाच गोष्टीचं. ताईने त्याचं काम कधी पाहिलं नव्हतं. एकदाही नाही. भाऊजी होते तोवर घरात त्याचं नाव काढायची सोय नव्हती. भाऊजी गेले, तर म्हणे तसल्या जागी मी कशी येऊ रे, लोक काय म्हणतील. लोक! लोकांना कामधंदे नसतात का? पण तो तिला कधी उलटून बोलला नाही. एकदा तिने समोर बसून आपल्याला बघावं, एवढी एकच हौस त्याने जपली होती. बाकीच्या हौशी क्लबाने फेडल्याच होत्या.

कॉस्प्लेच्या नादाला त्याला लावलं एका नर्सने. मंगळवारवर भागेना म्हणून तो बाहेरचं शिवणही घ्यायचा, आणि ती त्याच्याकडे कपडे शिवून घ्यायला आली होती. कार्टूनमधल्या कुठल्याशा योद्ध्याचा अंगरखा हवा होता. आवडत्या गोष्टीतल्या पात्राचा वेश हातांनी करायचा आणि त्यांच्या मेळ्यात दिवसभर तेच पात्र होऊन हिंडायचं, असा हा छंद. तिच्या अंगरख्याची चेन अडकली तर हाताशी असावा म्हणून तो मेळ्याला गेला आणि बघतच राहिला. बँकेतले कारकून भुतं झालेले, बाया राक्षस झालेल्या, आणि कुणी कुणाला हसत नव्हतं. फोटो काढायच्या आधी लोक चक्क विचारत होते, काढू का म्हणून. क्लबातल्या सगळ्या वर्षांत त्याला हे कुणी विचारलं नव्हतं. तिथे तिकीट काढलं की हात कुठेही फिरवायचा परवाना मिळाल्यासारखे लोक वागायचे.

मग त्याने सेनापती करायला घेतली. ताई आणि तो लहान असताना शेजारच्यांच्या खिडकीला लटकून एक मालिका बघायचे. तिच्यात शिंपल्यांचं चिलखत घातलेली एक सेनापती होती. कधी बोलायची नाही, शिरस्त्राण कधी काढायची नाही, नुसती मानेने हो किंवा नाही म्हणायची. त्याच्या एका खोलीत जाड फोमचे तुकडे, गोंदाचे डबे आणि गरम हवेचं यंत्र यांचा नुसता बाजार भरला. गोंदाच्या वासाने वरचा मजला कावला. तो जेवायला बसायचा तेव्हा समोरच्या खुर्चीवर सेनापतीची अर्धी छाती ठेवलेली असायची. बोलायला दुसरं होतं कोण? मीठ कमी पडलंय गं, असं तो तिला सांगायचा, आणि मग स्वतःच उठून मीठ घ्यायचा.

मेळा दिवसाउजेडी होता, लोक लेकरंबाळं घेऊन येणार होते, दारूचा थेंब नव्हता. त्याने धीर करून ताईला फोन लावला आणि ती चक्क हो म्हणाली. नातीला घेऊन येते, संध्याकाळच्या गाडीने परत जाऊ, म्हणाली. तू काय होणार आहेस, असंही तिने विचारलं. आता सांगायचं की नाही सरळ? पण पडदा उघडायच्या आधी वेश सांगायचा नाही, ही क्लबातली सवय हाडीमांसी खिळलेली. येऊन बघ, म्हणाला. ताकाला जाऊन भांडं लपवायची खोड, दुसरं काय!

दुसरी एक सवय याहून वाईट. नवखा होता तेव्हा क्लबातल्या सगळ्यात जुन्या कलावंताने, ज्याला सगळे मावशी म्हणत, त्याला एक गोष्ट बजावून ठेवली होती. पूर्ण रंगवलेला चेहरा दाखव, नाहीतर दाखवूच नको. अर्धामुर्धा दिसलास की मेलास, मग जन्मभर लोक त्यालाच हसतील. मखमलने हे इतकं पाळलं की कचरा टाकायलासुद्धा तो कधी अर्ध्या रंगात बाहेर पडला नाही.

मेळ्यात सेनापतीने धमाल उडवून दिली. मोठमोठी माणसं तिला सलाम ठोकत होती. दुपार कलली तेव्हा गर्दीतून ताई येताना दिसली. केस पांढरे झालेले, एका हाताने नातीचं बोट धरलेलं. नातीला सेनापतीबरोबर फोटो हवा होता. ताई त्याच्या खांद्याला खांदा लावून उभी राहिली. इतक्या जवळ ती आईच्या तेराव्यानंतर आली नव्हती.

फोटो झाल्यावर नात पुढच्या राक्षसाकडे पळाली. ताई मात्र हलली नाही. शिरस्त्राणाच्या जाळीकडे बघत तिने हळूच विचारलं, "माझा भाऊ आलाय इथे. तुम्हाला दिसला का कुठे?"

शिरस्त्राण काढायला हात वर गेला होता हो त्याचा! पण आत काय होतं? घामाने निथळणारं तोंड, झाकायचंच आहे म्हणून न केलेली दाढी, कपाळावर आवळलेली चिंधी. इतक्या वर्षांनी ताईला दाखवायचं ते हे? सेनापतीने मानेने नाही म्हटलं. ताई बरं म्हणाली आणि नातीमागे गेली.

तो धावतच कपडे बदलायच्या खोलीत आला. चिलखत भिरकावलं, दाढी केली, भुवया बसवल्या, रंग चढवला. ती एवढ्यात कशाला जाते, हा भ्रम. डिंक काही कुणाच्या गाडीची वेळ बघून वाळत नाही. सगळं मनासारखं झाल्यावर तो फाटकाशी जाऊन उभा राहिला आणि येणाऱ्याजाणाऱ्यांत तिचे पांढरे केस शोधत बसला. शेवटी त्याने फोन लावला.

"गाडीत बसलो रे आम्ही," ताई म्हणाली.

"ताई, ती सेनापती मीच होतो."

"माहितेय की. तुझ्या शेजारी उभी राहिले तेव्हाच कळलं."

"मग बोलली का नाहीस?"

"विचारलं ना तुला. तू नाही म्हणालास." ताई म्हणाली. "मला वाटलं, इतकी वर्षं मी तुला ओळख दाखवली नाही, आज तुझी पाळी. रास्तच आहे म्हटलं."

"तसं नाही गं. आत चेहरा रंगवलेला नव्हता. तुला तसा कसा दाखवणार?"

पलीकडे नात काहीतरी विचारत होती, तिला ताईने गप्प केलं. "छोट्या," ती म्हणाली, "तुझा रंगवलेला चेहरा मी पाहिलाय कधी? मला ठाऊक आहे तो साधाच. तोच बघायला आले होते रे."

गाडी सुरू झाली असावी, कारण पुढचं काही नीट ऐकू आलं नाही. तो फोन कानाला लावून तसाच उभा राहिला. चेहरा आज विलक्षण जमला होता, मावशीनेही नावं ठेवली नसती. एक जोडपं त्याच्यापाशी थबकलं आणि त्यांनी अदबीने विचारलं, फोटो काढू का, आणि तुम्ही कोण झालाय?

"धाकटा भाऊ," तो म्हणाला.

हे पात्र त्यांच्या ऐकिवात नव्हतं. तरी त्यांनी फोटो काढला, छान आहे म्हणाले आणि पुढे गेले.