मास्तरांच्या कानातला वाटाणा

लिओबार्दो आरिस्मेंदी पडद्यावर इतक्या वेळा मेला होता, की एकदा त्याची सख्खी मावशी खरी फुलं घेऊन स्टुडिओच्या दारात येऊन बसली होती. एका मालिकेत तो लिफ्टच्या खड्ड्यात पडला, एकीत बैलानं त्याला शिंगावर घेतलं, एकीत सुनेसाठी विष कालवलेलं गरम चॉकलेट त्यानं स्वतःच पिऊन टाकलं. खलनायकाला शेवटच्या भागात मरावंच लागतं. मेक्सिको शहरात ते न झालं तर प्रेक्षक फोन करून भांडतात. लिओबार्दो दर वेळी मरायचा आणि पुढच्या मालिकेत नवी मिशी लावून हजर व्हायचा.

रस्त्यावर मात्र त्याला कुणी मेलेला मानत नसे. स्टुडिओच्या फाटकाशी तामाल, म्हणजे पानात गुंडाळून उकडलेले मक्याचे उंडे, विकणारी दोन्या तेन्चा, आपल्याकडची तेन्चाबाई, रोज सकाळी त्याला भरपूर तिखट हिरवी चटणी घातलेलाच तामाल द्यायची.

"आज गोड द्या ना, गुलाबी," तो म्हणायचा.

"गोड? पुतण्याची जमीन लाटली, भावजयीला वेडी ठरवलं, आणि वर गोड पाहिजे? डॉन बाल्तासार, खा मुकाट्यानं."

डॉन बाल्तासार हे 'उसनं आडनाव' या मालिकेतलं त्याचं सध्याचं नाव. हा बाल्तासार आता मरायला आला होता, आणि लिओबार्दोची काळजी तिथूनच सुरू होत होती. साठी उलटली होती. खलनायकाच्या भूमिका आता तरण्या, व्यायाम केलेल्या पोरांकडे जात होत्या. पुढच्या वर्षासाठी त्याच्याकडे एकच विचारणा होती, कोमात गेलेल्या आजोबांची. संपूर्ण मालिकाभर पलंगावर.

अशात मालिकेचा दिग्दर्शक निर्मातीशी भांडून निघून गेला. निर्माती दोन्या ओर्तेन्सिया बिय्यासेन्योर बोलण्यात काटकसरी बाई. तिनं लिओबार्दोला बोलावलं आणि म्हटलं, "तू वीस वर्षं मला सांगतोयस, दिग्दर्शन करायचंय म्हणून. उरलेले भाग कर. शेवटचा भाग जमला तर पुढची मालिका तुझी."

"आणि नाही जमला तर?"

"तर पलंग तयार आहे."

पहिल्या दिवशी लिओबार्दो गळ्यात रेशमी रुमाल बांधून सेटवर आला. सगळे त्याच्याकडे बघत उभे राहिले. त्यानं तोंड उघडलं आणि तसंच ठेवलं. काही येईना.

कारण साधं होतं. तीस वर्षांत त्यानं सेटवर एकही वाक्य स्वतःहून उच्चारलं नव्हतं. रोज एक अख्खा भाग चित्रित करायचा, तर संवाद पाठ करायला सवड कुणाला? म्हणून प्रत्येक नटाच्या कानात वाटाण्याएवढं यंत्र असतं. सगळे त्याला वाटाणाच म्हणतात. वरच्या काचेच्या खोलीत सांगणारी बाई संहिता घेऊन बसते आणि श्वासभर आधी सगळ्यांचे संवाद वाचत जाते. मध्येच 'रडा', 'वळा', 'थोबाडीत मारा'. नट ऐकतो, बोलतो, रडतो, मारतो. लिओबार्दोच्या कानातला हा आवाज पहिल्यापासून लिचाचा होता. त्याच्या लग्नातसुद्धा पाद्र्यानं प्रश्न विचारल्यावर तो वाट बघत उभा राहिला होता. दुसऱ्या रांगेतून लिचा हळूच "हो" म्हणाली, तेव्हा कुठे तो "हो" म्हणाला. लग्न टिकलं नाही. लिचा टिकली.

तो काचेच्या खोलीत गेला.

"लिचा, मी खाली उभा असताना काय बोलायचं ते तू सांग."

"मास्तर, मला दिग्दर्शन येत नाही."

"रोज ऐकतो की मी. 'अरे देवा, काय ही चाल, म्हैस बरी.' 'हा प्रेम करतोय की कर्ज मागतोय?' हे दिग्दर्शन नाही तर काय?"

"ते कॉफी पिताना तोंडून निघून जातं. माइक बंद करायचा राहतो."

"तेच सांग. फक्त माझ्या एकट्याच्या कानात. बाकीच्यांना ऐकू जायला नको."

लिचानं खांदे उडवले आणि खाली ओरडली, "नाबोर! मास्तरांची लाइन वेगळी करून दे!"

ध्वनिमुद्रणवाला नाबोर खालून म्हणाला, "आत्ता करतो!"

त्या दिवसापासून चमत्कार सुरू झाला. दृश्य थांबलं की लिचाचा आवाज यायचा, "त्या पोराला सांगा, खांबासारखा उभा राहू नको, खांब चांगला दिसतो." लिओबार्दो सभ्य माणूस, तो ते गोड करून सांगायला तोंड उघडायचा, तर पोरगा आधीच हललेला असायचा. "डावीकडच्या म्हातारीला मागे सरकवा," आणि म्हातारी सरकलेली. लिओबार्दोला वाक्यं पुरी करायची गरजच पडेना. तो नुसता हात वर करायचा आणि माणसं आपापल्या जागी जायची.

"ह्याला म्हणतात दरारा," त्यानं ओर्तेन्सियाला सांगितलं. "माझे नट माझं मन वाचतात."

"तुझं?" ओर्तेन्सिया म्हणाली. "बरं. शेवटच्या दृश्याला मी येऊन बसते."

ते दृश्य म्हणजे बाल्तासारचा मृत्यू. भावजयीसाठी केलेलं विष चुकून स्वतः पिऊन तो हवेलीच्या जिन्यावरून गडगडत खाली येतो आणि सगळं कुटुंब गोळा झाल्यावर तीन पानांचं भाषण करून मरतो. ओर्तेन्सिया सकाळीच खुर्ची टाकून बसली होती. तालीम सुरू झाली. भावजय कोन्सुएलोची भूमिका करणारी मिरेया जिन्याशी गुडघे टेकून रडू लागली. ती लिओबार्दोच्याच पिढीतली, तीनदा पडद्यावर त्याची बायको झालेली.

त्याच्या कानात लिचा म्हणाली, "तिला विचारा, रडतेय की शिंक अडकलीय? काय ते एकदा ठरव म्हणावं."

लिओबार्दो पुढे झाला. "मिरेया, राणी, तुझं दुःख फार खोलवर आहे. ते जरा वर येऊ दे."

मिरेयानं डोळे पुसले. "लिओ, मूळचं वाक्यच जास्त चांगलं होतं रे. शिंकेचं."

सेटवर कुणीतरी फिसकन हसलं. लिओबार्दोनं एकेकाकडे पाहिलं. प्रत्येकाच्या कानात वाटाणा होता.

"तुम्हाला... ऐकू येतं?"

"पहिल्या दिवसापासून," पुतण्याचं काम करणारा फर्मिन म्हणाला. "मास्तर, आम्हाला वाटलं तुमची ही पद्धतच आहे. आधी खरं, मग गोड."

"नाबोर!"

"हो मास्तर," नाबोर कोपऱ्यातून म्हणाला. "आत्ता करतच होतो."

ओर्तेन्सिया खुर्चीत बसून सगळं ऐकत होती. तिनं घड्याळाकडे बघितलं. लिओबार्दोला तो कोमातला पलंग, त्याची पांढरी चादर, उशाची खोटी सलाइन सगळं स्वच्छ दिसलं.

तो काचेच्या खोलीचा जिना चढून गेला.

"तू मला सांगायचं नाहीस होय?"

"मला वाटलं तुम्हाला ठाऊक आहे," लिचा म्हणाली. "म्हातारी तुमच्या आधी सरकायची, तेव्हा तुम्हाला काय वाटत होतं?"

"दरारा."

लिचानं कॉफीचा पेला ओठांना लावून हसू लपवलं. मग म्हणाली, "आता काय करू? भाषण वाचायचं आहे. दिग्दर्शनाचंही बोलू का?"

"एक शब्द नको. आता मी काहीही बोललो तरी ओर्तेन्सियाला वाटणार, ते तुझंच आहे." त्यानं कानातून वाटाणा काढला आणि तिच्या बशीत ठेवला. "तिला दिसू दे की माझा कान रिकामा आहे."

खाली येऊन त्यानं डोकं वळवून रिकामा कान ओर्तेन्सियाला दाखवला, कॅमेरे लावून घेतले, जिन्याच्या तळाशी वाकडातिकडा पडला, ओठाच्या कोपऱ्यात फेस लावून घेतला आणि मोठ्यानं म्हणाला, "ॲक्शन!"

ॲक्शन म्हटल्यावर त्याच्या लक्षात आलं, की तीन पानांतलं एक अक्षरही आपल्याला ठाऊक नाही.

कॅमेरे चालू होते. लिचा वर वाचत होती. तिचे ओठ हलताना त्याला दिसत होते. त्यानं काय बोलायचं ते सेटवरच्या प्रत्येकाला ऐकू येत होतं, त्याला सोडून. फर्मिन ओठांनी काहीतरी सुचवू लागला. म्हातारी भुवया उडवत होती. मिरेया रुमालाआडून "क्षमा, क्षमा" असं काहीसं पुटपुटत होती. बाल्तासार आणि क्षमा! लिओबार्दोला त्या स्थितीतही राग आला. शिवाय ही बाई अशी बसली होती, की दिव्याचा सगळा उजेड तिच्या पाठीवर आणि तिची सावली नेमकी याच्या तोंडावर. मरताना आपलं तोंडच दिसणार नाही?

"कोन्सुएलो," तो घोगऱ्या आवाजात म्हणाला, "बाजूला हो. सावली पडतेय तुझी माझ्यावर. आयुष्यभर पडली."

मिरेया दचकली, खरीखुरी दचकली, आणि सरकली. त्याच्या चेहऱ्यावर उजेड आला.

आता त्याला सगळं दिसू लागलं. नर्सचं काम करणारी मुलगी हुंदके देऊन देऊन लक्ष वेधून घेत होती. "ए पोरी, तू एवढी रडू नकोस. मृत्युपत्रात तुला काही नाही." फर्मिन मैलभर लांब उभा होता. "पुतण्या, पुढे ये. आणखी. आणखी. घाबरू नकोस रे, आता मी काय करणार?" फर्मिन आला, त्यानं काकाचा हात हातात घेतला, आणि तसं करायला त्याला कुणी सांगितलं नव्हतं. म्हातारी उगाच जपमाळ फिरवत होती. "ती माळ ठेव गं. देवाशी माझं मी बघून घेईन."

एकाएकी सगळ्यांनी ओठ हलवणं थांबवलं. वरच्या खोलीत लिचानं पानं खाली ठेवली होती.

"तो वरचा दिवा," बाल्तासार म्हणाला, "मालवा तो. फुकट जळतोय."

दिवेवाल्यानं दिवा मंद केला. डॉन बाल्तासार आपल्या माणसांकडे एकदा बघून, कुणाचीही क्षमा न मागता मेला.

मग काहीच झालं नाही. कॅमेरे चालत राहिले, मिरेया रडत राहिली. लिओबार्दो डोळे मिटून वाट बघत होता, की कुणीतरी थांबवेल. बराच वेळ गेला. पाठीखालची पायरी टोचू लागली. शेवटी त्याच्या ध्यानात आलं, की ते काम मेलेल्या माणसाचंच आहे.

"कट," प्रेत म्हणालं.

ओर्तेन्सिया उठून काचेच्या खोलीखाली जाऊन उभी राहिली. "लिचा, हे कुणी सांगितलं याला?"

"मी तीन पानं वाचत होते, दोन्या," लिचा म्हणाली. "त्यातलं मास्तरांनी काही घेतलं नाही. मध्येच मी फक्त बाकीच्यांना म्हटलं, हे सांगतायत तसं करा."

ओर्तेन्सिया लिओबार्दोकडे वळली. तो अजून पायरीवरच बसला होता, ओठाला फेस तसाच.

"कट उशिरा म्हटलंस."

"मेलो होतो."

"पुढच्या मालिकेत मरायचं नाही. दिग्दर्शक जिवंत लागतो मला." ती चालू लागली, मग थांबली. "आणि तो रुमाल सोड गळ्यातला."

तो भाग दाखवला गेला त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी लिओबार्दो फाटकाशी आला. दोन्या तेन्चानं भांड्याचं झाकण काढलं, वाफेतून त्याच्याकडे नीट पाहिलं आणि काही न विचारता गुलाबी, गोड तामाल त्याच्या हातावर ठेवला.

"रडलात का?" त्यानं विचारलं.

"नर्सला रडू नकोस म्हणालात ना, म्हणून मुद्दाम रडले. सगळं घर रडलं. दिवा मंद झाला तेव्हा आमच्या भावानं टीव्हीला दोन थोबाडीत मारल्या, त्याला वाटलं बिघडला."

लिओबार्दो तामाल सोलून तिथेच खाऊ लागला.

"आता जरा तिकडे होऊन खा," तेन्चा म्हणाली. "सावली पडतेय तुमची भांड्यावर. गिऱ्हाइकाला माल दिसत नाही."

लिओबार्दो निमूट बाजूला झाला.