बांधापलीकडचा ऊस

आता या मानसिंगरावांना काय म्हणावं? पलटणीतून सुभेदार होऊन गावी आले, कृष्णाकाठी ऊस लावला, पण खत टाकायची वेळ आली की गडी स्वतःच्या शेताकडे बघायचाच नाही. बघायचा बांधापलीकडे! शेजारच्या रामगोंडांचा ऊस जरा जास्त हिरवा दिसला, की यांनी युरियाची जादा पोती ओतलीच. आधी माती तपासून घ्या म्हणून बायको, शालूबाई, सांगून सांगून थकली. डोळ्यांनी दिसतंय की, हे यांचं ठरलेलं उत्तर.

बांधावर दोन्ही घरांची सामाईक विहीर. प्यायला तेच पाणी. नातवाला वरचं पाणी सुरू करायचं म्हणून सून संयोगितानं ते तपासायला दिलं, तर त्यात खतातून उतरलेलं नायट्रेट भरमसाट निघालं. हे पाणी बाळाला अजिबात पाजू नका, उकळूनही नायट्रेट जात नाही, असं आरोग्य केंद्रात तिला बजावलं. तिनं तडक बॅग भरली आणि बाळाला घेऊन कोरेगावला माहेरी जायला निघाली.

बाळापुरते विकतच्या पाण्याचे जार आणू की, असं मानसिंगराव म्हणाले मात्र, शालूबाई भडकल्याच. त्यांनी रामगोंडांनाही विहिरीवर बोलावलं आणि दोघांना विचारलं, एवढं खत कशाच्या हिशोबानं टाकता?

रामगोंडा चाचरले. "आवं वैनी, सुभेदारांचा ऊस हिरवागार दिसला, की मी बी वाढवतो."

"आन् मी तुमचा बघून!" मानसिंगरावांच्या तोंडून निघून गेलं.

डोक्याला हात लावावा, दुसरं काय!

"उसाला पचंल तेवढंच त्यो खातोय," शालूबाई म्हणाल्या. "उरल्यालं समदं हितं उतरतंय. ईर्ष्या तुमची, आन् पाणी नासलं माज्या नातवाचं. जार आणून ही विहीर धुतली जाणार हाय का?"

मानसिंगराव तडक घरी आले आणि दारात निघायच्या तयारीत उभ्या असलेल्या सुनेच्या हातातली बॅग त्यांनी काढून घेतली. "पोरी, चुकलं माजं," एवढंच म्हणाले. शेडमध्ये आणून ठेवलेली युरियाची पोती त्यांनी फोडली नाहीत. दुसऱ्या दिवशी दोन्ही शेतांची माती एकाच गाडीवरून कराडला तपासायला गेली.

पण विहीर काही लगेच सुधारत नाही, त्याला वर्षं जातात. तोवर भरल्या विहिरीच्या काठावर बसून आजोबा नातवाला विकतचं पाणी पाजतात.

शेतकरी बंधूंनो, किती खत हवं ते आपल्या मातीला विचारा, शेजाऱ्याच्या उसाला नको. आपण जादा टाकलेलं वाया जात नाही, ते फिरून आपल्याच घागरीत येतं.